मावळंकरांच्या लोकसभेत उपाध्यक्षाची खुर्ची रिकामी का? महाराष्ट्राच्या ४८ खासदारांना खुले पत्र

देवरूख, जि. रत्नागिरी
२७ फेब्रुवारी २०२५

प्रति,
महाराष्ट्रातून लोकसभेवर निवडून गेलेले सर्व ४८ सदस्य

सादर नमस्कार.

आज मराठी भाषा गौरव दिन. सकाळी साडेदहाला आमच्या बार रूममध्ये कुसुमाग्रजांच्या तसबिरीला हार घातला, दोघा तरुण वकिलांनी कविता म्हटल्या, पेढे वाटले, आणि अकराला पुकारा सुरू झाला तशी मंडळी आपापल्या बोर्डाकडे वळली. मी जरा मागे थांबले. आजच्याच तारखेला, २७ फेब्रुवारी १९५६ रोजी, लोकसभेचे पहिले अध्यक्ष गणेश वासुदेव मावळंकर गेले, पदावर असतानाच. त्यांच्या घराण्याचं मूळ गाव मावळंगे, आमच्या संगमेश्वर तालुक्यातलं. आज इथे त्यांचं नाव कुणी घेतलं नाही. त्याचं वाईट वाटलं, पण हे पत्र मी त्यासाठी लिहीत नाही. लोकसभा चालवण्याची जी रीत त्या माणसाने दहा वर्षं खपून घालून दिली, ती तुमच्यादेखत मोडत चालली आहे. दोन्ही बाकांवरच्या तुम्हा सर्वांच्या देखत. ते मुकाट्याने पाहणं मला जमत नाही.

निमित्त सांगते. अठरावी लोकसभा २४ जून २०२४ रोजी पहिल्यांदा बसली. आठ महिने झाले, तिला उपाध्यक्ष नाही. त्याआधीच्या सतराव्या लोकसभेने तर पाच वर्षांची आख्खी मुदत उपाध्यक्षावाचून काढली. १३ फेब्रुवारीला अर्थसंकल्पी अधिवेशनाचा पहिला टप्पा संपला, तेव्हाही या निवडणुकीचं नाव निघालं नाही. १० मार्चला तुम्ही पुन्हा सभागृहात बसाल. त्याआधी हे पत्र तुमच्या हाती पडावं अशी इच्छा आहे.

माझा संबंध काय, असं कुणी विचारेल. मी या तालुक्याच्या कोर्टात सव्वीस वर्षं वकिली करते. जमिनीचे वाद, पोटगी, अपघाताचे दावे, जामीन. तुम्ही दिल्लीत जो कायदा करता तो शेवटी माझ्या टेबलावर येतो आणि मला तो समोरच्या माणसाला मराठीत समजावून सांगावा लागतो. माझे वडील कोर्टात कारकून होते. मी सनद घेतली त्या दिवशी त्यांनी मला मावळंकरांची गोष्ट सांगितली आणि म्हणाले, ‘वकील दोन्ही बाजू ऐकून घ्यायला शिकला की कुठेही बसवा, चालतो.’ कोणत्याही पक्षाची मी सभासद नाही.

ती गोष्ट तुम्हालाही सांगते, कारण तुमच्यातल्या किती जणांना ती ठाऊक आहे याची मला खात्री नाही. मावळंकरांचा जन्म बडोद्याचा, २७ नोव्हेंबर १८८८. सुरुवातीचं शिक्षण राजापूर आणि आसपास. १९०२ साली ते अहमदाबादला गेले, १९०८ मध्ये गुजरात कॉलेजातून बी.ए. झाले, १९१२ मध्ये कायद्याची परीक्षा पहिल्या वर्गात उत्तीर्ण झाले आणि पुढच्या वर्षी अहमदाबादेत वकिली सुरू केली. कोकणी घरातला हा मुलगा तिथे इतका रुजला की गुजरात सभेचा चिटणीस झाला, खेड्याच्या साराबंदीच्या लढ्यात गांधीजी आणि वल्लभभाईंबरोबर राबला, आणि पुढे अहमदाबाद नगरपालिकेचा अध्यक्षही झाला. १९२१ च्या असहकारात त्यांनी चालती वकिली बाजूला ठेवली. चालती वकिली बाजूला ठेवणं म्हणजे काय हे वकिलालाच कळतं. अशील एकदा दुसऱ्या दारी गेला की सहसा परत येत नाही. त्यानंतर वेगवेगळ्या सत्याग्रहांत मिळून त्यांची सहाएक वर्षं तुरुंगात गेली. तिथे भेटलेल्या चोर-दरोडेखोरांच्या कहाण्या त्यांनी ऐकून घेतल्या आणि गुजरातीत त्यांचं पुस्तक केलं. कैद्याचंही म्हणणं बसून ऐकणारा माणूस सभागृहाच्या खुर्चीत कसा बसला असेल, हे मला त्या एका गोष्टीवरून कळतं.

१९३७ ते १९४६ ते मुंबई विधानसभेचे अध्यक्ष होते. मग २४ जानेवारी १९४६ ला दिल्लीत मध्यवर्ती कायदेमंडळाच्या अध्यक्षपदाची निवडणूक झाली. काँग्रेसकडे तिथे बहुमत नव्हतं, समोर सर कावसजी जहांगीर. मावळंकरांना ६६ मतं पडली, कावसजींना ६३. तीन मतांनी निवडून आलेला हा अध्यक्ष पुढे संविधान सभेच्या कायदेमंडळाचा, हंगामी संसदेचा आणि १५ मे १९५२ ला पहिल्या लोकसभेचा अध्यक्ष झाला. १९५२ च्या निवडणुकीत त्यांच्यासमोर उभे होते शेतकरी कामगार पक्षाचे शंकरराव मोरे. ३९४ विरुद्ध ५५. म्हणजे स्वतंत्र भारताच्या पहिल्या लोकसभेच्या अध्यक्षपदासाठी लढले ते दोघेही मराठी. ‘लोकसभा’ हे नावही मावळंकरांनीच १४ मे १९५४ ला सभागृहात जाहीर केलं. त्याआधी कागदोपत्री ते ‘हाउस ऑफ द पीपल’ होतं.

आता माझ्या तक्रारी.

पहिली, आणि सर्वांत मोठी, उपाध्यक्षपदाची. आमच्या कोर्टात न्यायाधीश दोन दिवस रजेवर जाणार असले तरी त्यांचा चार्ज कुणाकडे, याचा हुकूम आधी निघतो. तो निघाला नाही तर कुणाच्या जामिनाचा अर्ज पडून राहील, कुणाची मनाई संपून जाईल. हे शिपायापासून सर्वांना ठाऊक असतं. संविधान लिहिणाऱ्यांनाही ठाऊक होतं. म्हणून अनुच्छेद ९३ सांगतो की लोकसभेने शक्य तितक्या लवकर दोन सदस्यांना निवडावं, एक अध्यक्ष आणि एक उपाध्यक्ष. दोघांना एकाच वाक्यात घातलं आहे. अध्यक्षांना राजीनामा द्यायचा तर तो उपाध्यक्षांच्या नावे लिहायचा, हे अनुच्छेद ९४ मध्ये आहे. अध्यक्षांची जागा रिकामी झाली तर काम उपाध्यक्षांनी पाहायचं, हे ९५ मध्ये. आणि अध्यक्षांना काढण्याचा ठराव चर्चेला असेल तेव्हा अध्यक्षांनी त्या खुर्चीत बसायचं नाही, हे ९६ मध्ये.

हे सगळं मावळंकरांच्या बाबतीत प्रत्यक्ष घडलं आहे, म्हणून मी ते इतक्या तपशिलाने सांगते आहे. अध्यक्षांची निवड १५ मे १९५२ ला झाली आणि पंधरा दिवसांत, ३० मे रोजी, अनंतशयनम अय्यंगार उपाध्यक्ष झाले. अडीच वर्षांनी, १८ डिसेंबर १९५४ ला, मावळंकरांवर पक्षपाताचा आरोप करून त्यांना पदावरून दूर करण्याचा ठराव विरोधकांनी आणला. मावळंकर खुर्चीवरून उतरले आणि अय्यंगार तिथे बसले. पंडित नेहरूंनी त्यांना विनंती केली की बोलायला जास्तीत जास्त वेळ विरोधकांना द्या. आपल्या पक्षाच्या सदस्यांना त्यांनी सांगितलं की तुमच्यावर पक्षादेश नाही, हा पक्षाचा प्रश्न नाही, सभागृहाचा आहे. चर्चा झाली, ठराव पडला, आणि मावळंकर पुन्हा खुर्चीत येऊन बसले. सव्वा वर्षाने ते वारले, तेव्हा अर्थसंकल्पी अधिवेशनाचेच दिवस होते. ८ मार्च १९५६ ला अय्यंगार अध्यक्ष झाले आणि २० मार्चला सरदार हुकमसिंग उपाध्यक्ष. बारा दिवसांत.

आज असा ठराव आला, किंवा देव न करो पण असा प्रसंग ओढवला, तर त्या खुर्चीत बसण्याचा पहिला हक्क ज्याचा, तो माणूसच सभागृहाने निवडलेला नाही. तालिका अध्यक्ष आहेत, म्हणजे अध्यक्ष नसताना आळीपाळीने खुर्चीत बसणारे सदस्य, त्यांच्यावर काम भागतं, असं मला एकाने सांगितलं. रोजचं काम भागत असेल. पण तालिकेवरची नावं अध्यक्ष नेमतात. उपाध्यक्षाला सभागृह निवडतं. हा फरक पहिल्या वर्षाच्या कायद्याच्या विद्यार्थ्यालाही कळतो. संविधानाने ‘शक्य तितक्या लवकर’ म्हटलं, दिवस मोजून दिले नाहीत, कारण पाच वर्षं कुणी ही जागा रिकामी ठेवील असं ते लिहिणाऱ्यांच्या मनातही आलं नसावं.

दुसरी तक्रार वटहुकुमांची, म्हणजे संसद बसलेली नसताना सरकार जे तात्पुरते कायदे काढतं त्यांची. इथे मी माझ्या धंद्यातला दाखला देते. एखादा माणूस धावत कोर्टात येतो, म्हणतो की समोरचा उद्या माझी भिंत पाडणार आहे. न्यायाधीश समोरच्याला न ऐकता एकतर्फी मनाई देतात. देऊ शकतात, कायद्यात तशी सोय आहे. पण ती देताना समोरच्याला न ऐकण्याचं कारण लिहावं लागतं, आणि जवळची तारीख देऊन त्याला बोलवावं लागतं. एकतर्फी हुकूमच महिनोन्महिने चालवत ठेवला तर वरचं कोर्ट कान धरतं. वटहुकूम म्हणजे देशाला दिलेला असा एकतर्फी हुकूम. समोरची बाजू तुम्ही, आणि तुमच्यामार्फत आम्ही.

मावळंकर वकील असल्यामुळे की काय, त्यांना हे फार आधी दिसलं. १९५० मध्ये त्यांनी संसदीय कामकाज मंत्र्यांना लिहिलं आणि १७ जुलै १९५४ ला थेट नेहरूंना. वटहुकूम काढणं ही रीत मुळात लोकशाहीची नाही, अत्यंत निकडीच्या प्रसंगाखेरीज तिचं समर्थन होऊ शकत नाही. प्रश्न आजच्या सरकारात कोण बसलंय याचा नाही, पायंड्याचा आहे. पहिली लोकसभा म्हणून परंपरा घालून देण्याची जबाबदारी आपल्यावर आहे. आज आवर घातला नाही तर पुढची सरकारं वटहुकूम काढत जातील आणि लोकसभेला शिक्का मारण्यावाचून दुसरं काम उरणार नाही. असा त्यांच्या लिहिण्याचा आशय आहे. हे लिहिणारा अध्यक्ष काँग्रेसचा, पंतप्रधान काँग्रेसचे, आणि सभागृहात काँग्रेसचं प्रचंड बहुमत. काँग्रेसचं सभासदत्व त्यांनी अध्यक्ष झाल्यावरही सोडलं नव्हतं. तरी त्यांनी आपल्याच सरकारला हे लिहून दिलं. सत्ताधारी बाकांवरच्या सदस्यांनो, तुमच्यापुरतं एवढं एक वाक्य या पत्रातून घेतलंत तरी चालेल.

त्यांची भीती खरी ठरली, आणि ती सर्व रंगांच्या सरकारांनी खरी केली. बिहारमध्ये काय चाललं होतं ते पुण्याच्या गोखले संस्थेतल्या प्रा. डी. सी. वाधवांनी शोधून काढलं. १९६७ ते १९८१ या काळात तिथे २५६ वटहुकूम पुन्हा पुन्हा काढून जिवंत ठेवले होते, काही तर दहा वर्षांहून जास्त. वाधवा सर्वोच्च न्यायालयात गेले. डिसेंबर १९८६ मध्ये न्यायालयाने ही संविधानाची फसवणूक आहे असं म्हटलं आणि वाधवांना दहा हजार रुपये खर्चापोटी देवविले. तरी त्यानंतर केंद्रात भूसंपादनाचा वटहुकूम डिसेंबर २०१४, एप्रिल २०१५ आणि मे २०१५ असा तीनदा निघाला आणि ऑगस्टअखेर विरून गेला. ते आठ महिने माझ्याकडे शेतकरी येत आणि विचारत, आमची संमती लागते की नाही? मी काय सांगणार? आज लागत नाही, सहा महिन्यांनी लागेल, असं कुणाला सांगता येतं? अन्नसुरक्षेचा कायदाही जुलै २०१३ मध्ये, अधिवेशन तोंडावर असताना, वटहुकुमानेच आला होता. तेव्हा सत्तेत दुसरा पक्ष होता. जून २०२० चे शेतीचे तीन वटहुकूम तर तुम्हा सर्वांना पाठ असतील. वटहुकुमाने आले, सप्टेंबरात घाईने कायदा झाले, वर्षभर माणसं दिल्लीच्या वेशीवर बसली, आणि २९ नोव्हेंबर २०२१ ला ते रद्द झाले तेही चर्चेविना, काही मिनिटांत. येताना ऐकून घेतलं नाही आणि जातानाही नाही. ते कायदे बरे होते की वाईट यावर माझं मत आहे, पण ते या पत्रात आणत नाही.

तिसरी तक्रार माझ्या घरच्या ओटीवर येऊन बसलेली आहे. २ जानेवारी २०२४. ट्रकवाल्यांचा संप, पेट्रोलपंपावर दुचाक्यांच्या रांगा. माझा एक जुना अशील, चिऱ्याचा ट्रक चालवतो, संध्याकाळी घरी आला. खिशात वर्तमानपत्राचं कात्रण. घडी उलगडून त्याने माझ्यासमोर धरलं आणि म्हणाला, ‘मॅडम, अपघात झाला नि थांबलो तर लोकं मारतील, नाय थांबलो तर दहा वर्सं. हे ठरवलं कोणी? आमच्यातल्या कोणाला विचारलंन काय?’

ते जुन्या दंडसंहितेच्या जागी आलेल्या भारतीय न्याय संहितेचं कलम १०६ (२). वाहनाने कुणी मेलं आणि चालक पोलिसांना किंवा दंडाधिकाऱ्यांना न कळवता पळाला, तर दहा वर्षांपर्यंत शिक्षा. मेलेल्या माणसाच्या बायकोचं वकीलपत्रही मी घेतलेलं आहे, पळून जाणाऱ्या चालकाचा मला राग येतो. कलम हवंच असेल तर असो. पण त्या माणसाच्या प्रश्नाला उत्तर द्यायचं म्हणून मी लोकसभेच्या त्या दिवसाचं कामकाज शोधायला बसले. संहितेचं विधेयक गृह खात्याच्या स्थायी समितीकडे जाऊन आलं होतं, हे मान्य. २० डिसेंबर २०२३ ला लोकसभेत चर्चा झाली, गृहमंत्र्यांनी उत्तर दिलं, हेही मान्य. पण त्या दिवशी लोकसभेचे ९७ सदस्य निलंबित होते. अधिवेशन संपेपर्यंत दोन्ही सभागृहांचे मिळून १४६. तुमच्यातलेही काहीजण त्या यादीत होते. दीडशे वर्षांहून जुनी दंडसंहिता, पुराव्याचा कायदा आणि फौजदारी प्रक्रिया, हे तिन्ही एकाच वेळी बदलत असताना देशातल्या कोट्यवधी मतदारांचा माणूस बाहेर पायऱ्यांवर उभा होता.

पुढे काय झालं तेही बघा. संप होताच सरकारने वाहतूकदारांच्या संघटनेशी बोलणी केली आणि सांगितलं की हे पोटकलम लागू करण्याआधी तुमच्याशी चर्चा करू. २३ फेब्रुवारी २०२४ च्या अधिसूचनेत ते वगळलं. १ जुलैपासून बाकी संहिता लागू झाली, हे नाही. माझ्या टेबलावरच्या पुस्तकात ते छापलेलं आहे आणि समासात मी शिसपेन्सिलीने लिहून ठेवलंय, ‘लागू नाही’. शिसपेन्सिलीने, कारण कधी खोडावं लागेल ठाऊक नाही. ट्रकवाल्यांशी जे बोलणं संप झाल्यावर झालं, ते विधेयक सभागृहात असताना व्हायला हवं होतं. त्यासाठीच तर तुम्हाला पाठवलं आहे. त्या माणसाला मी त्या संध्याकाळी काय उत्तर दिलं? चहा दिला, आणि म्हटलं, बघू.

राहिलेल्या तक्रारी थोडक्यात.

पहिल्या लोकसभेच्या ६७७ बैठका झाल्या. सतराव्या लोकसभेच्या २७४. पूर्ण मुदत भरलेल्या कोणत्याही लोकसभेच्या इतक्या कमी बैठका झालेल्या नाहीत. पंधराव्या लोकसभेत शंभरातली ७१ विधेयकं समित्यांकडे तपासणीला गेली, सतराव्या लोकसभेत १६. सप्टेंबर २०२० च्या अधिवेशनात तर प्रश्नोत्तराचा तासच नव्हता. लेखी उत्तरं मिळत होती, पण लेखी उत्तराला उपप्रश्न विचारता येत नाही. साथ होती हे मी जाणते. कोर्टं तेव्हा आम्ही मोबाइलवर चालवत होतो, खिडकीत उभं राहून रेंज शोधत. उलटतपासणीचा हक्क मात्र कुणी काढून घेतला नाही.

मावळंकरांनी प्रश्नोत्तराच्या तासाला किती जपलं ते जुने वृत्तांत वाचून कळतं. त्यातलं एक तर मला फार आवडतं. मंत्री सभागृहात ‘माहिती घेऊन सांगतो’, ‘विचार करू’ असं म्हणून बसतात. मावळंकरांनी १९५३ मध्ये सरकारी आश्वासन समिती नेमली. तिचं काम एकच, मंत्र्यांनी दिलेला शब्द टिपून ठेवायचा आणि तो पाळला का ते विचारायचं. आमच्या कोर्टाचा रोजनामा असतो तसं. अमुक तारखेला अमुक पक्षाने कागद हजर करण्याचं कबूल केलं, हे एकदा रोजनाम्यात चढलं की त्यातून सुटका नाही. ही समिती आजही आहे. कोकणातल्या महामार्गाबद्दल गेल्या काही वर्षांत तुम्हाला सभागृहात काय काय आश्वासनं मिळाली, त्यांपैकी किती पाळली गेली, हे तुमच्यातल्या कुणी तिच्याकडे मागितलं आहे का? मागितलं असेल तर ते मतदारसंघात सांगा. आम्हाला ते कळत नाही.

आणि विरोधी बाकांवरच्यांनो, तुमच्याबद्दलही. हौद्यात, म्हणजे अध्यक्षांसमोरच्या मोकळ्या जागेत उतरून, फलक नाचवून प्रश्नोत्तराचा तास तहकूब करायला लावणं यात सरकारचं काहीच जात नाही. उत्तर द्यायचं टळलं म्हणून मंत्र्यांना हायसंच वाटत असेल. १९५४ चे विरोधक मावळंकरांवर चिडलेले होते. ठरलेलं काम थांबवून तातडीची चर्चा मागणारे त्यांचे स्थगन प्रस्ताव वारंवार फेटाळले जात होते आणि त्यांच्या आरोपांत काही तथ्य नव्हतंच असं मी म्हणणार नाही. पण त्यांनी ठराव मांडला, मुद्दे मांडले, मतदान घेतलं. सगळं कागदावर आहे, सत्तर वर्षांनी मला वाचता आलं. घोषणांचा वृत्तांत कुणी वाचत नाही.

माझ्या मागण्या अशा.

१० मार्चला सुरू होणाऱ्या टप्प्यातच उपाध्यक्षाची निवडणूक घ्यावी, अशी लेखी मागणी तुम्ही ४८ जणांनी, पक्ष बाजूला ठेवून, एकत्र सही करून अध्यक्षांकडे आणि पंतप्रधानांकडे करावी. उपाध्यक्ष विरोधी पक्षाचा असावा असं मला वाटतं, हुकमसिंग तसेच होते. पण तो कुणाचाही असो, निवडून तरी येऊ दे.

वटहुकुमाच्या जागी विधेयक येतं तेव्हा, इतकी घाई का होती याचं निवेदन सरकारने सभागृहापुढे ठेवायचं असतं. लोकसभेच्या नियमांत ते आहे. दरवेळी ते निवेदन वाचा, त्यावर बोला. कारण पटलं नाही तर वटहुकूम नामंजूर करण्याचा ठराव मांडण्याचा हक्क अनुच्छेद १२३ ने तुम्हाला दिला आहे. एकच वटहुकूम दुसऱ्यांदा निघाला तर, तुम्ही सत्ताधारी असलात तरी, पक्षाच्या बैठकीत तरी उभे राहा.

शिक्षा वाढवणारं, जमिनीला किंवा रोजगाराला हात घालणारं विधेयक समितीकडे गेल्याशिवाय मतदानाला घेऊ नये, असा आग्रह धरा. आणि ज्यांना ते लागणार आहे, ट्रकवाला असो की मच्छीमार, त्यांना समितीपुढे बोलवा. समितीला मराठीत निवेदन देता यावं आणि ते वाचलं जावं याची सोय करून द्या. मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाल्याचा आनंद आपण ऑक्टोबरात साजरा केला. मला त्याचा एवढा उपयोग झाला तरी पुष्कळ.

वर्षाला निदान शंभर दिवस लोकसभा बसावी. संविधानाच्या कामकाजाचा आढावा घेणाऱ्या आयोगाने २००२ मध्ये १२० दिवस सुचवले होते. मी शंभरच मागते आहे.

शेवटची मागणी तुमच्याकडेच आहे, तिला कुणाची परवानगी लागत नाही. वर्षातून एकदा, प्रत्येक तालुक्याच्या ठिकाणी, तुम्ही विचारलेले प्रश्न, मिळालेली उत्तरं, कोणत्या विधेयकावर काय बोललात आणि मत कुठे टाकलंत, याचा मराठीतला छापील कागद लावा. कोर्टाच्या आवारात जागा आम्ही देऊ.

दिल्लीत रफी मार्गावर मावळंकरांच्या नावाचं सभागृह आहे. तुमच्यातले बरेचजण तिथे कार्यक्रमाला जात असतील. पुढच्या वेळी गेलात की तिथल्या कुणाला तरी त्यांच्या १९५४ च्या पत्राबद्दल सांगा.

या पत्राची प्रत मी तुम्हा प्रत्येकाला टपालाने, पोचपावतीसह पाठवते आहे. पावत्या आल्या की त्या आणि तुमची उत्तरं बार रूमच्या फलकावर लावीन. तो ट्रकवाला अशील महिन्यातून एकदा तरी तारखेला येतो, त्याला वाचायला येतं.

आपली,
एक वकील, देवरूख